जिजाईच्या हातातली चप्पल

गजानन महाराजांची पालखी सोलापुरात मुक्कामाला आली की आमच्या घरी दोन गोष्टी ठरलेल्या असतात. आई पहाटे उठून शेंगा भाजते, चटणी कुटते आणि कडक भाकरीच्या चवडीबरोबर वारकऱ्यांना नेऊन देते. आणि रात्री आम्ही सगळे ‘संत तुकाराम’ बघतो. पूर्वी तो दूरदर्शनवर कधी लागतोय याची वाट बघावी लागायची. आता मुलगा मोबाइल टीव्हीला जोडून देतो.

मुलगा अ‍ॅनिमेशन शिकतो. यंदा शेवटी गरुडाचं विमान आलं तेव्हा त्यानं चित्र थांबवलं आणि ते कसं केलं असेल ते मला समजावून सांगायला लागला. बोलत होता ते मन लावून, कौतुकानं. पण आजीनं “चालू कर” एवढंच म्हटलं आणि त्यानं लगेच चालू केलं.

रात्री मला झोप लागेना. ते विमान खोटं आहे हे मला लहानपणापासून दिसतंय. तरी या सिनेमातली देवाची कृपा मला खरी वाटते, आणि ज्यात चमत्कार कितीतरी सफाईनं दाखवलेत असे पुष्कळ सिनेमे बघून मी कोरडी बाहेर आले. हे असं का होतं, ते आज लिहून काढते.

सिनेमा १९३६चा, प्रभात फिल्म कंपनीचा. दिग्दर्शक दोघे, विष्णुपंत दामले आणि शेख फत्तेलाल. कोल्हापूरच्या एका मुसलमान चित्रकारानं, सगळे ज्यांना साहेबमामा म्हणायचे त्यांनी, आपला तुकोबा पडद्यावर उभा केला, याचा मला फार अभिमान वाटतो. तुकाराम झालेले विष्णुपंत पागनीस नाटकात स्त्रीभूमिका करायचे. तो मऊपणा त्यांच्या तुकोबात उतरलाय. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात या सिनेमाचा गौरव झाला. पण आमच्या घरात हा सिनेमा चालतो तो जिजाईमुळे. गौरी नावाच्या नटीनं ती केलीय. ती म्हैस धुते, नवऱ्यावर ओरडते, पोरांच्या पोटाची काळजी करते. आणि मग तो प्रसंग येतो.

पोर आजारी आहे. घरात काही नाही. नवरा विठ्ठल विठ्ठल करतोय. जिजाई उठते, एका हातानं पोराला ओढत, दुसऱ्या हातात चप्पल घेऊन थेट देवळात शिरते. विठोबाला हात जोडायला नाही, जाब विचारायला. आणि पोर बरं होतं.

नीट बघा, कृपा कोणावर झाली. तुकोबा तर देवाचाच होता, त्याच्यावर झाली तर त्यात नवल नाही. इथं ती झाली चप्पल उगारणाऱ्या बाईवर. तिनं उपास केला नव्हता, नवस बोलला नव्हता. कीर्तनकार सांगतात, जिजाई भंडारा डोंगरावर नवऱ्याला भाकरी घेऊन जाताना तिच्या पायात काटा रुतला, तर तो काढायला विठ्ठल स्वतः खाली बसला. ज्याला ती येता-जाता काळ्या म्हणून शिव्या द्यायची, त्यानं तिचं पाऊल मांडीवर घेतलं. माझ्या मते कृपा या शब्दाचा सगळा अर्थ त्या काट्यात आहे. दामले-फत्तेलालांना तो कळला होता, म्हणून ते जिजाईला कुठंही खलनायिका करत नाहीत. तिचा राग त्यांनी तिच्या भुकेइतकाच खरा ठेवलाय.

आता आईबद्दल लिहायला हवं.

आई बिड्या वळायची. आम्ही तेव्हा सोलापूरच्या पूर्व भागात राहायचो, सगळी वस्ती तेलुगू, आमची चार-दोन घरं मराठी. कारखान्यातून पान आणि तंबाखू आणायचा, पान ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवायचं, दुसऱ्या दिवशी पत्र्याचं माप लावून कात्रीनं कापायचं. मग मांडीवर सूप. डाव्या हातात पान, उजव्या हाताची चिमूट तंबाखू, अंगठ्यानं एक वळसा, तोंड नखानं आत दुमडायचं, दोरा दोनदा फिरवून तोडायचा. दिवसाला हजार. पान घेतलं आणि बिड्या पोचल्या नाहीत की कार्डावर खाडा पडायचा.

मी नऊ वर्षांची असताना आईला टायफॉइड झाला. पान भिजवून ठेवलेलं, आई अंथरुणावर, वडील रात्रपाळीला यंत्रमागावर. रात्री नऊच्या सुमाराला शेजारची अक्का आली. तिच्या स्वतःच्या हजार बिड्या दिवसभरात वळून झालेल्या. “काय वदिना,” म्हणाली, म्हणजे वहिनी, आईच्या कपाळाला हात लावला आणि सूप ओढून दिव्याखाली बसली. पुढं एक शब्द बोलली नाही. मी तिला दोरे तोडून देत होते. कधीतरी मला झोप लागली. सकाळी पंचवीस-पंचवीसची बंडलं टोपलीत लावलेली होती आणि अक्का गेलेली होती. असं पाच रात्री.

टोपली घेऊन कारखान्यात मी जायची. अक्काच्या हाताची बांधणी वेगळी, दोरा ती जरा वर बांधायची. चेकरनं पहिल्या दिवशी एक बंडल उचललं, फिरवून बघितलं, माझ्याकडं बघितलं. तो रोज मूठ-मूठ बिड्या खराब म्हणून बाजूला टाकणारा, छाट काढणारा माणूस. त्यानं ते बंडल तसंच ठेवलं आणि कार्डावर हजार लिहिले. पाचही दिवस त्यानं छाट काढली नाही.

पुढं कधीतरी टीव्हीवर ‘संत सखू’ लागला. तोही प्रभातचाच, १९४१चा, हंसा वाडकरांचा. सासुरवास सोसणाऱ्या सखूला पंढरीला जायचंय, जाऊ देत नाहीत. मग विठ्ठल तिचं रूप घेतो, ती वारीला जाते आणि हा तिच्या घरात राबतो. पडद्यावर सखूच्या लुगड्यातला देव कामाला लागला तेव्हा आई पडद्याकडं बोट करून म्हणाली, “अक्का.”

मला वाटतं, आमच्या वारकरी कथांचं सगळं बळ या राबण्यात आहे. देव जनाबाईबरोबर जात्याला बसतो. एकनाथांच्या घरी श्रीखंड्या होऊन पाणी भरतो. गोरोबाची मडकी घडवतो. आशीर्वाद देऊन अंतर्धान पावत नाही, उरलेलं काम संपवतो. सिनेमानं हे पकडलं की मला गलबलून येतं, आणि नुसता उजेड पाडला, शंख वाजवला, हातातून किरण सोडले की काही होत नाही.

‘जय संतोषी माँ’बद्दल मी सांभाळून लिहिते, कारण सोळा शुक्रवार आईनंही केलेत, गूळ-चणे मी आवडीनं खाल्लेत. १९७५ला तो आला तेव्हा लोक टॉकीजच्या दारात चपला काढून आत जायचे. त्या श्रद्धेला मी कधी नावं ठेवणार नाही. पण त्या गोष्टीतल्या देवी एकमेकींचा हेवा करतात आणि सोसते ती बिचारी सून. व्रत नीट केलं तर सुटका, त्यात आंबट पडलं तर कोप. हा हिशोब झाला. हिशोब आम्ही कारखान्यात रोज बघत होतो.

वडिलांचा सिनेमा वेगळा होता. वडील मंगळवेढा तालुक्यातले. मालदांडी ज्वारी पिकवणारी काळी जमीन, पण पाऊस नसेल तर तीच जमीन हात घालण्याएवढ्या भेगा दाखवते. १९७२च्या दुष्काळात ते विशीत होते. दुष्काळी कामावर खडी फोडली, सुकडी खाऊन दिवस काढले आणि नंतर सोलापूरला येऊन टॉवेलच्या मागावर लागले. पुढं कधीतरी मॅटिनीला त्यांनी ‘गाईड’ बघितला आणि त्याबद्दल ते मरेपर्यंत बोलत राहिले.

विजय आनंदचा हा सिनेमा १९६५चा. देव आनंदचा राजू गाईड साधू नाही. खोटी सही केल्याबद्दल तुरुंगात जाऊन आलेला माणूस. एका गावातले लोक त्याला स्वामी समजतात, दुष्काळ पडतो, आणि पावसासाठी बारा दिवसांचा उपास त्याच्या गळ्यात येऊन पडतो. पळून जायची संधी असते. तो थांबतो. पाऊस येतो आणि तो जातो.

वडील म्हणायचे, “बाकीचे सिनेमे पुण्यवान माणसासाठी पाऊस पाडतात. ह्यानं लबाडासाठी पाडला.” हे सांगताना त्यांचा आवाज दरवेळी बदलायचा. खडी फोडताना त्यांनी आभाळाकडं बघून काय काय म्हटलं होतं, ते त्यांनी आम्हाला कधीच सांगितलं नाही. पण त्यांना त्या राजूत आपण दिसत होतो, एवढं मला नंतर कळलं. पाऊस का आला, उपासामुळं की आपला आपण, हा वाद ते घालायचे नाहीत. भिजलेली माणसं पुरेशी होती.

मंगळवेढ्याचा माणूस म्हटल्यावर दामाजीपंत आलेच. दुष्काळात दामाजींनी बादशाहाचं धान्याचं कोठार लोकांना उघडून दिलं. शिक्षा होणार म्हणून बेदरला नेत होते, तेवढ्यात विठोबा विठू महार होऊन दरबारात गेला आणि धान्याचे पैसे मोजून पावती घेऊन आला. ही गोष्ट मी पडद्यावर, जत्रेत, कीर्तनात, शाळेच्या नाटकात बघितलीय, आणि प्रत्येक वेळी सगळा जोर त्या थैलीवर. नाण्यांचा ढीग पडतो, बादशाहाचे डोळे विस्फारतात, टाळ्या. वडील टाळ्या वाजवायचे नाहीत. म्हणायचे, “विठोबानं पैसे भरले. पण कुलूप काढलं ते दामाजीनं, आणि त्या वेळी विठोबा येईल हे त्याला माहीत नव्हतं.” कोणी हा सिनेमा पुन्हा करणार असेल तर माझी एवढीच विनंती आहे, ते कुलूप काढणारा हात जवळून दाखवा. रांगेतली बाई पदर पसरते तेव्हा ज्वारी पडल्याचा आवाज ऐकवा. बादशाहा नंतर दाखवला तरी चालेल.

खुद्द तुकोबाही दुष्काळातलेच. “दुष्काळें आटिलें द्रव्य नेला मान । स्त्री एकी अन्न अन्न करितां मेली” हे त्यांनी स्वतः लिहून ठेवलंय. ती पहिली बायको, रखमाबाई. त्यानंतर या माणसानं लोकांची कर्जखतं इंद्रायणीत सोडली. आधी गाथा नव्हे, आधी कर्जखतं बुडाली, आणि ती मात्र पुन्हा वर आली नाहीत. जिजाई या घरात राहत होती. तिच्या हातात चप्पल का होती, हे कळायला एवढं पुरे आहे.

तर यंदाची रात्र. गरुड वर गेला. तुकोबांनी जिजाईला वैकुंठाला चल म्हटलं होतं, ती संसार टाकून निघाली नव्हती, आणि आता आभाळाकडं बघत धावतेय. आई दरवर्षी इथं गप्प असते. यंदा मुलानं विचारलं, “आजी, तू असतीस तर गेली असतीस का विमानातून?”

आईचा उजवा अंगठा तर्जनीवर फिरत होता. बिड्या सोडून आता वीस वर्षं झाली, तरी टीव्ही बघताना तो फिरतो.

“अक्काला आधी बसवलं असतं,” ती म्हणाली, आणि उरलेल्या भाकरी मोजायला आत गेली. पालखी पहाटे निघणार होती.