पहिल्या संघातला पंटर

"हा मैदानात उतरला की आम्ही टाळ्या वाजवायचो," सहकारी आज डबा खाता खाता टोरी टेलर या खेळाडूबद्दल म्हणाला. मी नुसतीच मान डोलावली, पण ते वाक्य काही डोक्यातून जाईना.

अमेरिकेतल्या आयोवा राज्यात राहून अमेरिकन फुटबॉल कळत नाही म्हणणं म्हणजे पंढरपुरात राहून एकादशी माहीत नसणं! सहकाऱ्याच्या टेबलामागे 2023 च्या बिग टेन ऑल-कॉन्फरन्स संघांच्या, म्हणजे बिग टेन या कॉलेज लीगमधल्या मोसमातल्या सर्वोत्तम खेळाडूंच्या, यादीचं कात्रण आहे. त्यात पहिल्या संघातल्या एकाच नावाभोवती पेनाने वर्तुळ. टोरी टेलर, आयोवा विद्यापीठाच्या संघाचा पंटर.

आता पंटर येतो कधी? तीन प्रयत्नांत दहा यार्ड जमले नाहीत की. म्हणजे आपल्यांचं फसलं की हा येणार आणि चेंडू लाथेने जमेल तितका लांब धाडणार. त्या मोसमात आयोवाचं आक्रमण इतकं रडत होतं की याला 93 वेळा लाथ मारावी लागली. एकूण 4,479 यार्ड, कॉलेज फुटबॉलमधला एका मोसमातल्या पंट-यार्डांचा 1938 पासूनचा विक्रम मोडला. आणि तरी संघ 14 पैकी 10 सामने जिंकला!

गडी मूळचा मेलबर्नचा, ऑस्ट्रेलियन फुटबॉल खेळत वाढलेला.

आक्रमणाची सूत्रं हलवणाऱ्या क्वार्टरबॅकच्या नावाला वर्तुळ नाही, फसलेलं सावरणाऱ्याच्या नावाला आहे. मला उगाच आमच्या ऑफिसातला रात्री अडीचला फोन उचलणारा माणूस आठवला. वर्षअखेरीच्या कौतुकाच्या ईमेलमध्ये त्याचं नाव होतं का हो? मी मघाशी शोधलं.

तुमच्याकडे असं कोण आहे?