लोणंदपासून पुढे

माझ्या सासूबाईंची वारी लोणंदला तुटली. 1999 च्या जुलैमध्ये माउलींची पालखी तिथे मुक्कामाला असताना धाकटे दीर त्यांना आणायला गेले आणि कारण त्यांना अंगणातली गर्दी पाहूनच कळले. कारगिलच्या युद्धात हे द्रासच्या डोंगरांत कामी आले होते. आषाढी सरली, 26 जुलैला विजय जाहीर झाला, गावात पेढे वाटले गेले. आणि एका घरात राहून आम्ही दोघी परक्या झालो. पेन्शन माझ्या नावावर, मुलगा त्यांचा, यातच कितीतरी वर्षे गेली.

दर 26 जानेवारीला मला व्यासपीठावर बोलावून शाल-नारळ देत. ते दिवस संक्रांत ते रथसप्तमीमधले, हळदीकुंकवाचे. ज्या घरांतले पुरुष टाळ्या वाजवीत, त्याच घरांतून मला हळदीकुंकवाचे बोलावणे येत नसे. पुढे 2022 च्या मे महिन्यात शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडने विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला. तो वाचून बरे वाटले, पण आमच्या गल्लीत त्याने काही हलले नाही.

करोनामुळे दोन वर्षे थांबलेली पायी वारी त्याच जूनमध्ये पुन्हा निघाली. सासूबाईंचे गुडघे तोवर गेले होते. "लोणंदच्या पुढची माझी राहिली आहे, तू चाल," एवढेच त्या म्हणाल्या.

मी लोणंदला दिंडीत शिरले. चांदोबाच्या लिंबाजवळ उभे रिंगण झाले, तेव्हा एका म्हातारीने काही न विचारता माझ्या कपाळाला बुक्का लावला आणि फुगडीसाठी हात ओढले. बरडच्या पुढे मला रडू आले. व्यासपीठावर जे कधी जमले नव्हते, ते तिथे चालता चालता, टाळांच्या आवाजात, मैलभर चालले. कोणी समजूत घातली नाही, कोणी मागेही वळून पाहिले नाही. सांत्वनापेक्षा ते मला अधिक मानवले.

रोज हरिपाठानंतर सासूबाईंचा फोन येई आणि त्या मुक्कामाची चौकशी करीत. नातेपुत्यात मात्र त्यांनी विचारले, "शेवटच्या पत्रात काय लिहिलं होतं त्यानं?" मी सांगितले, "आई वारीला निघाली का, गुडघ्याला तेल लावते का, असं विचारलं होतं."

"लावतच नव्हते गं," त्या म्हणाल्या, आणि आम्ही दोघी हसलो. वाखरीपर्यंत मग रोज ह्यांच्याविषयीच बोलणे झाले: त्यांचा हट्टीपणा, शाळा बुडवून विहिरीत पोहणे, आणि मला ठाऊक नसलेल्या कितीतरी खोड्या.