चौदा गावचं पाणी

बाबा बँकेत होते, त्यामुळे ‘ऑर्डर’ हा शब्द हॉटेलात डोसा मागवतानाही वापरतात हे मला बऱ्याच उशिरा कळलं. आमच्या घरी ऑर्डर यायची ती बदलीची. एप्रिल उजाडला की आई नवं भांडं घ्यायची नाही, कुंडीत रोप लावायची नाही. अशा नऊ बदल्या झाल्या. पहिल्या चार वेळा आम्ही सगळे टेम्पोच्या मागे बसून गेलो. मग माझं दहावीचं वर्ष आलं, आम्ही सोलापुरात राहिलो आणि बाबा एकटे किनवटला, तिथून उदगीरला, तिथून चिपळूणला. जमेल त्या शनिवारी रात्रीच्या एसटीने यायचे आणि रविवारी जेवून निघायचे.

२०२४ मध्ये ते सहा महिने आमच्याकडे क्विन्सीला होते. क्विन्सी हे बोस्टनला दक्षिणेकडून खेटलेलं गाव. इथे उन्हाळ्यात टीव्ही लावला की बेसबॉल. एकेका संघाचे हंगामात १६२ सामने असतात, म्हणजे जवळपास रोजच. माझ्या अकरा वर्षांच्या लेकाने आजोबांची शिकवणी सुरू केली: पिचर म्हणजे बोलर, इनिंग नऊ, एका इनिंगला तिघे बाद की बाजू बदलायची. बाबांनी एवढं दोन दिवसांत उचललं, पण त्यांचं लक्ष खेळापेक्षा खाली सरकणाऱ्या पट्टीवर जास्त. अमुक खेळाडू इथून तिथे, तमुक तिथून इथे.

“हे असं रोजचंच का गं?”

म्हटलं, “जुलैअखेर अदलाबदलीची शेवटची तारीख असते, म्हणून गर्दी.”

“आमचं मेमध्ये असायचं,” बाबा म्हणाले, आणि तिथून पुढे त्यांना बेसबॉल कळायला लागला.

त्यांचे प्रश्नही तसेच. ज्याला पाठवायचं त्याला विचारतात का? बहुतेकांना नाही, दहा वर्षं नोकरी आणि त्यातली शेवटची पाच एकाच संघात झाली असतील, किंवा करारातच तशी अट असेल, तरच नकार देता येतो. रुजू व्हायला किती दिवस? दोन-तीन, फार तर. आणि सामान हलवायचा भत्ता? हे मला शोधावं लागलं. मिळतो! खेळाडूंच्या संघटनेने करारात ती तरतूद करून घेतली आहे. बाबांच्या चेहऱ्यावर समाधान पसरलं. युनियन चांगली असणार, म्हणाले.

२६ ऑगस्ट २०२४ ला मी त्यांना फेनवे पार्कला, बोस्टनच्या संघाच्या मैदानावर, घेऊन गेले. सोमवार दुपार, मेट्रोच्या रेड लाइनने पार्क स्ट्रीट, तिथून ग्रीन लाइन. त्या दिवशीची गंमत वर्तमानपत्रात आधीच छापून आली होती. टोरांटो आणि बोस्टन यांच्यातला २६ जूनचा सामना पावसाने मध्येच थांबला होता, तो दोन महिन्यांनी तिथूनच पुढे सुरू व्हायचा होता. थांबला तेव्हा टोरांटोचा डॅनी जॅन्सन बॅटिंग करत होता. मधल्या काळात, जुलैअखेरीस, टोरांटोने त्याला बोस्टनला देऊन टाकलं. आता सामना पुढे चालू झाला तो असा: जॅन्सनची अर्धवट राहिलेली खेळी पुरी करायला टोरांटोचा दुसराच माणूस उभा राहिला आणि त्याच्या मागे, बोस्टनचा कॅचर, म्हणजे विकेटकीपर म्हणून, मुखवटा लावून उकिडवा बसलेला स्वतः जॅन्सन. मेजर लीगच्या, म्हणजे इथल्या सगळ्यात वरच्या स्पर्धेच्या इतिहासात एकाच सामन्यात दोन्ही बाजूंनी खेळलेला हा पहिला माणूस.

बाबांना हे समजावून सांगायला मला पाच मिनिटं लागली. समजलं तेव्हा हातातली शेंग तशीच धरून ते म्हणाले, “एकाच दिवशी दोन्ही शाखांच्या मस्टरवर सही!” आणि इतके हसले की पुढच्या रांगेतल्या बाईंनी वळून पाहिलं.

त्याच आठवड्यात बोस्टनच्या संघात आणखी एक जण रुजू झाला, आणि आमच्या घरी खरी चर्चा त्याची झाली. रिच हिल, वय ४४, डावखुरा पिचर. गाव मिल्टन, म्हणजे क्विन्सीची हद्द ओलांडली की लागतं ते. बोस्टनकडे येण्याची ही त्याची चौथी खेप, आणि तोवर त्याचे एकूण संघ झाले होते तेरा.

असल्या खेळाडूला इथे ‘जर्नीमन’ म्हणतात. मला कित्येक वर्षं वाटायचं की सतत प्रवासात असतो म्हणून. तसं नाही. शब्द फ्रेंचमधल्या दिवसाच्या कामावरून आला आहे. उमेदवारी संपलेली, हात बसलेला, पण स्वतःचं दुकान नसलेला, दिवसाच्या मजुरीवर काम करणारा कारागीर म्हणजे जर्नीमन. सुतार, गवंडी, तसाच हा पिचर.

हिलला शिकागो कब्जने २००२ मध्ये घेतलं आणि २००५ मध्ये तो मोठ्या मैदानावर आला. २००७ मध्ये ११ सामने जिंकले. आता गाडी लागली रुळाला, असं कुणालाही वाटलं असतं. पुढच्याच वर्षी चेंडू जागेवर पडेना. मग बॉल्टिमोर, मग बोस्टन. २०११ मध्ये कोपराचं ऑपरेशन, म्हणजे शरीरात दुसरीकडून स्नायूबंध काढून कोपरात ओवतात ते. मग क्लीव्हलँड. २०१४ मध्ये अनाहाइमचे एंजल्स. त्यांच्याकडून तो दोन सामन्यांत मैदानावर उतरला आणि एकही माणूस बाद न करता परत गेला. एकही नाही. तरी यादीत तो संघ धरतातच. त्याच वर्षी पुढे न्यूयॉर्कचे यांकीज, तिथेही पाच-साडेपाच इनिंगची कामं.

२०१५ च्या उन्हाळ्यात वॉशिंग्टनच्या दुय्यम संघातूनही तो बाहेर पडला. वय ३५, हातात काहीच नाही. लाँग आयलंडला डक्स नावाचा संघ आहे. ज्या लीगचा मेजर लीगच्या कोणत्याही संघाशी संबंध नव्हता अशा लीगमध्ये तो खेळायचा. हिल तिथे गेला. कसोटी खेळलेल्या माणसाने पस्तिशीत मुंबईच्या कांगा लीगला येऊन ‘बघा हो, जमतंय का’ म्हणावं, तसंच म्हणा ना. दोन सामने टाकले, एकही धाव दिली नाही. ते पाहून बोस्टनने पुन्हा बोलावलं, तेही आधी दुय्यम संघात.

इथे ब्रायन बॅनिस्टर नावाचा माणूस भेटला. स्वतः पूर्वी पिचर, नंतर आकडेवारीच्या कामाला लागलेला. त्याने हिलला सांगितलं की तुझा कर्व्हबॉल असामान्य आहे, तोच जास्त टाक, वेग बदलून टाक, वळण बदलून टाक. कर्व्हबॉल म्हणजे हवेतच खाली कोसळणारा चेंडू. टप्पा पडायचा नसतो, त्यामुळे आपल्या फिरकीला जशी खेळपट्टीची साथ मिळते तशी इथे नाही. जे काय ते बोटांनी करायचं. हिलचा सरळ चेंडू मेजर लीगच्या मानाने मंदच, ताशी ८८-९० मैलांचा. पण त्याच्यामागून ७० मैलांचा कर्व्हबॉल आला की समोरच्याची बॅट आधी फिरायची आणि चेंडू सावकाश मागून जायचा. मी २०२२ मध्ये त्याला फेनवेला टाकताना पाहिलं आहे. एकदा हात वरून, एकदा बाजूने, मध्येच पाय उचलून थबकणं, आणि चेंडू चुकला की स्वतःवरच ओरडणं. चाळिशी ओलांडलेला माणूस गल्लीतल्या पोरासारखा चिडलेला.

२०१५ च्या त्या हंगामाच्या शेवटी त्याला चार सामने मिळाले. पहिल्यात सात इनिंगमध्ये फक्त एक फटका बसू दिला आणि दहा जणांना बॅट नुसती फिरवायला लावून घरी पाठवलं. चार सामन्यांत मिळून असे ३६. त्या एका महिन्यावर ओकलंडने ६० लाख डॉलर दिले. वर्षभरात लॉस एंजेलिस डॉजर्सनी मागून घेतलं आणि २०१६ संपता संपता तीन वर्षांचे ४ कोटी ८० लाख ठरले. तेव्हा तो ३६ वर्षांचा होता. बाबांच्या भाषेत, रिटायरमेंटच्या तोंडावर थेट झोनल मॅनेजर.

पण मला हिल म्हटलं की आठवतो तो २३ ऑगस्ट २०१७, पिट्सबर्ग. पर्फेक्ट गेम म्हणजे समोरच्या संघाचे ओळीने २७ जण बाद, एकालाही पहिल्या बेसवर पाय ठेवू द्यायचा नाही. दीडशे वर्षांच्या मेजर लीगमध्ये असं फक्त २४ वेळा झालं आहे. हिलने आठ इनिंगमध्ये चोवीस जणांना ओळीने परत पाठवलं. नवव्या इनिंगच्या सुरुवातीलाच त्याच्या एका साथीदाराच्या हातून चेंडू सुटला आणि पर्फेक्ट गेम गेला. तरी अजून फटका एकही बसलेला नव्हता. पंचाईत अशी की डॉजर्सनी, त्या हंगामात १०४ सामने जिंकणाऱ्या संघाने, त्या रात्री एकही धाव काढली नव्हती. म्हणून दहावी इनिंग. हिल पुन्हा टाकायला आला. समोर जॉश हॅरिसन. चेंडू डावीकडच्या कुंपणापलीकडे. सामना संपला, १-०. दहाव्या इनिंगमध्ये पहिला फटका, आणि त्याच फटक्यावर हार.

हे सांगून झालं तेव्हा बाबा म्हणाले, “कॅश जुळवून वर्षभर काम करावं आणि ऑडिटच्या दिवशी एक व्हाउचर सापडू नये.” मग थोड्या वेळाने, “ज्याच्या हातून चेंडू सुटला, त्याला झोप लागली असेल का?”

डॉजर्सनंतर पुन्हा फिरती: मिनेसोटा, टँपा बे, न्यूयॉर्कचे मेट्स, बोस्टन, पिट्सबर्ग (हो, तेच पिट्सबर्ग), सॅन डिएगो. बाबांना सगळे संघ कागदावर लिहून हवे होते. लिहून दिले. त्यांनी चष्मा लावून मोजले आणि म्हणाले, बारा गावचं पाणी प्यायलेला म्हणतात, त्याच्या पुढे गेला की हा. मग पुन्हा मोजलं. “पण न्यूयॉर्क दोनदा आलंय. संघ तेरा, गावं बाराच. म्हण बरोबर आहे.” हिशेबाच्या बाबतीत त्यांच्याशी कुणी वाद घालत नाही.

तेव्हा विक्रम होता चौदा संघांचा, एडविन जॅक्सनच्या नावावर. त्याचं तर, २७ जुलै २०११ ला शिकागोहून टोरांटोला बदली आणि त्याच दिवशी टोरांटोहून सेंट लुईसला. मधल्या गावात माणसाने बॅगसुद्धा उघडली नाही. आणि त्या वर्षीचं विजेतेपद सेंट लुईसनेच मिळवलं!

माझंही काही वेगळं नाही म्हणा. पहिली सहा वर्षं मी एका कंपनीकडून कॉन्ट्रॅक्टवर होते. चार क्लायंट, तीन राज्यं, प्रत्येक ठिकाणी भाड्याचा सोफा. एकदा प्रोजेक्ट संपल्याचं मला कळलं ते सकाळी लॉगिन चालेना तेव्हा. एच-वन-बी या कामाच्या व्हिसावर असताना नोकरी गेली की दुसरी शोधायला फार तर ६० दिवस मिळतात. बेसबॉलमध्ये यादीतून नाव काढलं की संघाकडे आठवडाभर असतो, त्यात तुम्हाला कुणाला तरी द्यायचं, दुय्यम संघात पाठवायचं किंवा मोकळं करायचं. आपल्याकडे सरकारी अधिकारी ‘नियुक्तीच्या प्रतीक्षेत’ असतात ना, तेच. फक्त आपल्याकडे त्या काळात चहाही मिळतो.

एक गोष्ट मात्र मी बाबांना उशिरा सांगितली. २०२४ च्या हंगामाला हिल सुरुवातीपासून नव्हताच. त्याने स्वतःच ठरवलं होतं की निम्मा हंगाम कुठेही सही करायची नाही, मिल्टनला घरी राहायचं आणि मुलाच्या लिटल लीगच्या, म्हणजे लहान मुलांच्या बेसबॉलच्या संघाला शिकवायचं. इतकी वर्षं तो गावोगाव आणि मुलाचा उन्हाळा इथे. म्हणून बोस्टनकडे आला तो थेट ऑगस्टमध्ये.

बाबा खिडकीशी बसले होते. खाली आमचा लेक गॅरेजच्या दारावर चेंडू मारत होता.

“म्हणजे बिनपगारी?”

“बिनपगारी.”

“बरं केलं,” एवढंच म्हणाले. मग उठून स्वयंपाकघरात गेले. मला वाटलं, चहा टाकतील. पातेल्याचा आवाज काही आला नाही. पाच-दहा मिनिटांनी पाहिलं तर खाली गॅरेजपाशी उभे होते, लेकाचा बेसबॉलचा जुना हातमोजा डाव्या हातात उलटा घातलेला, आणि लेक त्यांना तो सुलटा कसा घालायचा ते दाखवत होता.

बोस्टनने हिलला चार सामने दिले आणि सप्टेंबरात सोडलं. ऑक्टोबरात बाबा सोलापूरला परतले. संघ लिहिलेला कागद घडी घालून पासपोर्टमध्ये ठेवलेला मी पाहिला.

२०२५ च्या मेमध्ये कॅन्सस सिटीने हिलला दुय्यम संघात घेतलं आणि २२ जुलैला मेजर लीगमध्ये उतरवलं. वय ४५. संघ चौदावा, जॅक्सनच्या विक्रमाशी बरोबरी. समोर कोण, तर कब्ज, तेही शिकागोलाच, जिथून वीस वर्षांपूर्वी सुरुवात केली होती. पाच इनिंग टाकल्या, हरला. आणखी एक सामना टाकला, तोही हरला. मग लगेचच नाव काढलं.

मी बाबांना दोन्ही बातम्या व्हॉट्सॲपवर पाठवल्या. पहिल्यावर उत्तर आलं, “कागदावर चौदावं लिहिलं. गावं तेरा.” दुसऱ्यावर उत्तर नाही, फोनच आला. सोलापुरात पाऊस नाही, आईचा गुडघा, शेजारच्यांचं बोअरिंग, असं सगळं झालं. ठेवता ठेवता म्हणाले, “मग आता पुढची ऑर्डर कुठली?”

म्हटलं, “अजून निघाली नाही.”

“निघाली की कळव,” म्हणाले. “पेन काढूनच ठेवलंय.”