मुंबईच्या थेट डोक्यावरून जाणारा तारा : स्वाती

शून्य सावलीचा दिवस आता सगळ्यांना माहीत झाला आहे. १५ मेच्या सुमारास भर दुपारी सूर्य मुंबईच्या बरोबर माथ्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली तिच्या बुडाशीच लपते. सूर्य हे वर्षातून दोनदाच करतो. त्याच जागेवरून एक तारा मात्र रोज जातो, तो म्हणजे स्वाती. नारिंगी आणि ठसठशीत, उत्तर खगोलार्धातला सर्वांत तेजस्वी तारा. मुंबईच्या उजळलेल्या आकाशातही तो नुसत्या डोळ्यांनी सहज दिसतो.

कारण साधं आहे. ताऱ्याची क्रांती, म्हणजे खगोलीय विषुववृत्तापासूनचं (पृथ्वीच्या विषुववृत्ताच्या बरोबर वरच्या आकाशातल्या रेषेपासूनचं) त्याचं अंशांतलं अंतर, आणि गावाचा अक्षांश हे दोन आकडे जुळले की तो तारा त्या गावाच्या खमध्यातून, म्हणजे बरोबर माथ्यावरच्या बिंदूतून जातो. स्वातीची क्रांती सध्या १९ अंश ३ कला (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) आहे. वांद्रे आणि शीव याच अक्षांशावर येतात. अहिल्यानगर, बीड आणि नांदेडही या रेषेपासून फार लांब नाहीत.

आधी तारा ओळखायचा. सप्तर्षींच्या शेपटीचा बाक तसाच पुढे वाढवत न्या. शेपटीच्या टोकाच्या मरीचीपासून हात लांब करून धरलेल्या तीन मुठींवर स्वाती, आणि तोच बाक आणखी तीन मुठी नेला की निळसर पांढरी चित्रा. दोन्ही एकदम पाहिल्या की स्वातीचा नारिंगी रंग लगेच कळतो. तरी शंका राहिली तर दुर्बिणीचा फोकस किंचित बिघडवा. ठिपक्याची चकती होते आणि चकतीत रंग स्पष्ट दिसतो. तांबूस ज्येष्ठेशी गल्लत होऊ शकते, पण ज्येष्ठा मुंबईतून कायम दक्षिणेकडेच दिसते, डोक्यावर कधीच येत नाही.

मुंबईत १ मेच्या रात्री साधारण सव्वाबाराला, १५ मेला ११ वाजून २० मिनिटांच्या सुमारास आणि १ जूनला सव्वादहाला स्वाती माथ्यावर असते. ही वेळ रोज ४ मिनिटांनी अलीकडे येते. पूर्वेकडच्या गावांत घड्याळात ती आणखी आधीची : पुण्यात ४ मिनिटं, नांदेडला १८, नागपूरला २५. पावसाळ्याचे ढग यायच्या आत, मेच्या उत्तरार्धात बघणं सर्वांत सोयीचं. फेब्रुवारीच्या सुरुवातीला पहाटे सहाच्या आसपासही तारा तिथेच असतो.

उभ्याने मान वर करून खमध्य ठरवू नका. मान पुरती मागे जात नाही, त्यामुळे खमध्याच्या बऱ्याच अलीकडचा बिंदू डोक्यावरचा वाटतो. चटईवर उताणं झोपायचं आणि ओळंबा वापरायचा. गवंड्याचा जाड ओळंबा मात्र इथे चालत नाही, तो फार मोठा भाग झाकतो. दहा एमेमच्या सळईचा ३० सेंटिमीटरचा तुकडा घ्या, वजन १८५ ग्रॅम भरतं. तो २ मीटर दोऱ्याला टांगा, आणि दोरा वर सहा सेंटिमीटर व्यासाच्या बांगडीच्या मधोमध बांधा. त्यासाठी बांगडीत आडवा दोरा ताणून घ्यायचा. बांगडी बांबूच्या टोकाला आडवी बांधून बांबू गच्चीवरच्या टाकीवरून बाहेर काढा. सळईचं खालचं टोक डोळ्यापासून १ मीटर वर राहिलं पाहिजे. झोपलेल्या माणसाचा डोळा जमिनीपासून वीसेक सेंटिमीटर वर असतो, ते धरून उंची ठरवा. बांबू आणि सळई नीट बांधा, खाली कुणीतरी झोपणार आहे.

एक डोळा मिटून वर पाहा. सळईचं टोक बांगडीच्या मधोमध दिसलं की तुम्ही बरोबर खाली आहात. बांगडी टोकाच्या ज्या बाजूला सरकलेली दिसेल, त्याच्या उलट बाजूला डोकं सरकवा. डोकं एका सेंटिमीटरने हललं तरी अर्ध्या अंशाहून जास्त चूक होते, म्हणून मानेखाली घट्ट उशी हवीच. सळई वाऱ्याने झुलत असेल तर टाकीच्या आडोशाची बाजू धरा, नाहीतर वारा पडेपर्यंत थांबा.

मुंबईत स्वाती बांगडीच्या पूर्व कडेने आत शिरते, सळईच्या टोकाआड जाते, दोन-अडीच मिनिटं दिसेनाशी होते आणि पश्चिमेकडून बाहेर पडते. पृथ्वीचं फिरणं इतकं उघड दाखवणारी दुसरी सोपी युक्ती नाही. पुढची अंतरं सळईच्या टोकाच्या उंचीवर मोजलेली आहेत; बांगडी तिपटीहून लांब असल्याने तिथे जेमतेम दोन सेंटिमीटर रुंद भासते. पुण्यात तारा सळईच्या मध्यापासून ९ मिलिमीटर उत्तरेला सरकून, बांगडीच्या कडेला लागून जातो. आणखी लांबच्या गावांत तो बांगडीच्या बाहेरून जातो : नाशिकला १७ मिलिमीटर दक्षिणेने, नागपूरला साधारण पावणेचार सेंटिमीटर दक्षिणेने, कोल्हापूरला चार सेंटिमीटर आणि पणजीला सहा सेंटिमीटर उत्तरेने.

‘पडतील स्वाती तर पिकतील माणिक मोती’ या म्हणीतली स्वाती म्हणजे सूर्य स्वाती नक्षत्रात असतो ते दिवस, साधारण २४ ऑक्टोबर ते ६ नोव्हेंबर. त्या दिवसांत तारा सूर्यामागोमाग मावळतो. ओळंब्याचा हा प्रयोग तेव्हा करता येत नाही.

आता ताऱ्याविषयी. स्वाती ३७ प्रकाशवर्षांवर आहे. वस्तुमान सूर्यापेक्षा किंचितच जास्त, पण गाभ्यातला हायड्रोजन संपल्यामुळे तारा फुगून सूर्याच्या पंचवीसपट रुंद झाला आहे. पृष्ठभागाचं तापमान ४,२९० केल्विन, सूर्याचं ५,७७०. नारिंगी रंग याच थंडपणाचा. तेवढ्याच पृष्ठभागातून सूर्याच्या तीन दशांशच ऊर्जा निघते, पण पृष्ठभाग ६२५ पट मोठा. गुणाकार केला तर सूर्याच्या १९० पटींच्या आसपास येतो, आणि त्यातली बरीच ऊर्जा डोळ्याला न दिसणाऱ्या अवरक्त किरणांत जाते. सूर्यही काही अब्ज वर्षांनी याच अवस्थेतून जाणार आहे.

स्वाती आकाशात वर्षाला २.२८ विकला (विकला म्हणजे कलेचा साठावा भाग) सरकते. सुमारे ८२० वर्षांत चंद्रबिंबाएवढी. तारे स्थिर नाहीत हे १७१८ मध्ये एडमंड हॅले यांनी दाखवलं, ते स्वाती, व्याध आणि रोहिणी यांच्या प्राचीन नोंदी ताडून. त्यात पृथ्वीच्या अक्षाच्या डोलण्याची भर पडली की स्वातीची क्रांती वर्षाला सुमारे १८.६ विकलांनी कमी होते. जमिनीवर हे अंतर पावणेसहाशे मीटर भरतं. म्हणजे ज्या रेषेवर स्वाती बरोबर माथ्यावर येते, ती रेष दरवर्षी एवढी दक्षिणेला सरकते आहे. २००० साली ती ठाण्यावरून जात होती. आता ती वांद्रे-शीवपाशी आहे, आणि २०५० च्या दशकात कुलाबा ओलांडून मुंबईबाहेर जाईल.