जुना मेल सर्व्हर आणि त्याच्याखालच्या लायब्रऱ्या

डिचोली तालुक्यातल्या एका खनिज निर्यातदाराच्या कार्यालयाचा मेल सर्व्हर माझ्या देखरेखीखाली आहे. फेब्रुवारी २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गोव्यातील ८८ खाणपट्ट्यांचे नूतनीकरण रद्द केले, मार्चच्या मध्यापासून खाणी थांबल्या आणि या कार्यालयाने संगणकांवरचा नवा खर्चही त्याच महिन्यात थांबवला. त्यामुळे सेंटओएस ६ या लिनक्स प्रणालीवर उभारलेला, पत्रे पोहोचवणारा पोस्टफिक्स आणि ती वाचायला देणारा डव्हकॉट यांचा तो संच, त्या प्रणालीचा आधार ३० नोव्हेंबर २०२० रोजी संपल्यानंतरही, जहाज कंपन्यांशी होणारा पत्रव्यवहार सांभाळत राहिला. आता तो नव्या यंत्रावर हलवायचा आहे. या कामात माझा बहुतेक वेळ मेलच्या प्रोग्रॅमवर गेला नाही, तो त्याच्याखालच्या शेअर्ड लायब्रऱ्यांवर, म्हणजे अनेक प्रोग्रॅम मिळून वापरतात त्या तयार कोडच्या फायलींवर, गेला, आणि माझ्या मते तो तिथेच जायला हवा होता.

मेल सर्व्हर स्वतः फार थोड्या गोष्टी करतो. जोडणी सांकेतिक करण्याचे काम तो ओपनएसएसएलच्या फायलींकडे सोपवतो, पासवर्ड तपासण्याचे काम सायरस एसएएसएलकडे, टोपणनावांचे तक्ते वाचण्याचे काम बर्कले डीबीकडे आणि यजमान संगणकाचा पत्ता शोधण्याचे काम जीलिबसी या प्रणालीच्या मूळ लायब्ररीकडे. प्रोग्रॅम सुरू होताना लोडर हा प्रणालीचा भाग या फायली नावाने शोधतो, आणि त्या नावात शेवटी जो आकडा असतो तो शोभेचा नसतो. हाच आकडा असलेली कोणतीही फाइल जुन्या प्रोग्रॅमशी जुळेल, असा तो एक करार असतो. आमच्या जुन्या यंत्रावर लिबएसएसएल या ओपनएसएसएलच्या फाइलीचा आकडा १० होता, लिबएसएएसएल२ या सायरसच्या फाइलीचा २, बर्कले डीबीची आवृत्ती ४.७ होती आणि मायएसक्यूएल या डेटाबेसच्या क्लायंट लायब्ररीचा आकडा १६. अल्मालिनक्स ९ या नव्या प्रणालीवर लिबएसएसएलचा आकडा ३ आहे आणि लिबएसएएसएल२ चाही ३. बर्कले डीबी तिथे ५.३ आवृत्तीत आहे, पण ती जाणार हे आधीच जाहीर झाले होते आणि अल्मालिनक्स ज्यांच्या प्रणालीवर बेतलेली आहे त्या रेड हॅटने आपल्या दहाव्या आवृत्तीतून ती काढूनही टाकली.

अशा वेळी एक युक्ती हमखास सुचवली जाते: नव्या फाइलीला जुन्या नावाची सिमलिंक, म्हणजे नुसता नावाचा दुवा, द्यायची. दारावरची पाटी बदलली म्हणून घरात राहणारा माणूस बदलत नाही. ओपनएसएसएल १.१.० मध्ये, म्हणजे २०१६ साली, अनेक अंतर्गत रचना बाहेरच्या प्रोग्रॅमना दिसेनाशा केल्या गेल्या आणि कित्येक जुनी फंक्शने गेली. जुन्या पोस्टफिक्सला त्या नव्या फाइलीशी बांधले, तर लोडर हवे ते चिन्ह, म्हणजे फंक्शनाचे नाव, सापडत नाही म्हणून सुरुवातीलाच थांबतो, आणि हा त्यातल्या त्यात बरा प्रकार म्हणायचा, कारण निदान चूक कुठे आहे ते कळते. वाईट प्रकारात प्रोग्रॅम सुरू होतो आणि पहिली सांकेतिक जोडणी येताच कोसळतो. काही लायब्रऱ्यांच्या बाबतीत ही युक्ती खरोखर चालून जाते, आणि लोकांना तिची सवय लागते ती तिथूनच. बर्कले डीबीच्या तक्त्यांशी मात्र असा खेळ मुळीच करू नये. मूळ मजकुराची फाइल हाती असेल तर नव्या यंत्रावर ‘पोस्टमॅप’ आणि ‘पोस्टअलायस’ या आज्ञा चालवून तक्ते नव्याने तयार करता येतात, आणि त्याला काही क्षणच लागतात.

लायब्ररीतला दोष मेल सर्व्हरच्या अंगावर कसा येतो, याचे मला सर्वांत बोलके वाटणारे उदाहरण जानेवारी २०१५ मधले आहे. जीलिबसीतल्या, नावावरून पत्ता शोधणाऱ्या ‘गेटहोस्टबायनेम’ या फंक्शनात क्वालिस या संस्थेच्या संशोधकांना एक दोष सापडला आणि तो ‘घोस्ट’ या नावाने ओळखला गेला. हा दोष २००० साली आलेल्या २.२ आवृत्तीपासून तिथे होता. २०१३ मध्ये तो दुरुस्तही झाला होता, पण ती दुरुस्ती सुरक्षेशी संबंधित आहे हे कोणाच्या लक्षात न आल्यामुळे दीर्घकाळ चालणाऱ्या प्रणाल्यांनी ती उचलली नव्हती. संशोधकांनी प्रात्यक्षिकासाठी निवडला तो एक्झिम हा मेल सर्व्हर. समोरचा संगणक ओळख देताना ‘हेलो’ म्हणून जे नाव सांगतो, ते विशिष्ट मांडणीत एक्झिम तपासून पाहतो, आणि तेवढ्या वाटेने दूरवरून त्या यंत्राचा ताबा घेता येतो, हे त्यांनी दाखवून दिले. दोष एक्झिमच्या स्वतःच्या कोडमध्ये नव्हताच.

त्या प्रकरणात आणखी एक व्यावहारिक अडचण होती, आणि ती आजही तितकीच लागू पडते. लायब्ररीची फाइल अद्ययावत केली म्हणजे चालू असलेला प्रोग्रॅम ती वापरू लागतो, असे नाही. जुनी फाइल डिस्कवरून पुसली गेली तरी ज्या प्रक्रियेने ती आधीच उघडली आहे, तिच्या स्मृतीत ती जिवंत राहते. ‘प्रॉक’ निर्देशिकेतल्या त्या प्रक्रियेच्या ‘मॅप्स’ फाइलीत लायब्ररीच्या नावापुढे ‘डिलीटेड’ असा शेरा दिसला, तर ती सेवा पुन्हा सुरू करावीच लागते. पोस्टफिक्सच्या छोट्या प्रक्रिया ठरावीक कामानंतर आपोआप संपतात आणि नव्या प्रक्रिया नवी फाइल घेऊन येतात, परंतु त्यांची मुख्य प्रक्रिया महिनोन्‌महिने तशीच बसलेली असते.

लायब्रऱ्यांची यादी करण्यासाठी सगळे जण ‘एलडीडी’ ही आज्ञा वापरतात. ती अपुरी पडते, कारण काही लायब्रऱ्या प्रोग्रॅम सुरू झाल्यावर, गरज पडेल तेव्हा उघडल्या जातात. सायरस एसएएसएलची ‘प्लेन’ आणि ‘लॉगिन’ या पद्धतींची प्लगइन्स अशीच येतात. ती नव्या यंत्रावर घालायची राहिली, तर एलडीडीच्या यादीत काहीच वावगे दिसत नाही, पण बाहेर जाणारी पत्रे रांगेत साचतात आणि लॉगमध्ये योग्य पद्धत सापडली नाही अशा अर्थाची एक मोघम ओळ येते. डेबियन या दुसऱ्या लिनक्स प्रणालीवर याचा आणखी एक नमुना आहे. तिथे पोस्टफिक्सचे काही भाग बंदिस्त निर्देशिकेत चालत आले आहेत, आणि नाव शोधणाऱ्या लायब्रऱ्यांच्या प्रती त्या निर्देशिकेत ठेवल्या जातात. मूळ फायली बदलल्या आणि प्रती जुन्याच राहिल्या, की बाहेर सगळे ठीक असताना फक्त पोस्टफिक्सला कोणताही पत्ता सापडेनासा होतो.

जुने ३२-बिट मदतनीस प्रोग्रॅम सोबत असतील तर एक फसवा संदेश ध्यानात ठेवावा. फाइल समोर दिसत असते, चालवण्याची परवानगीही असते, आणि तरीही प्रणाली सांगते की अशी फाइल नाही. हरवलेला असतो तो ३२-बिट लोडर.

जुना संच जसाच्या तसा कंटेनरमध्ये, म्हणजे यंत्रातल्याच एका वेगळ्या कोशात, बंद करून नव्या यंत्रावर चालवणे, हा मार्ग मी तपासला आणि सोडून दिला. सेंटओएस ६ ची जीलिबसी २.१२ आवृत्तीची आहे. ती कर्नेलच्या, म्हणजे प्रणालीच्या गाभ्याच्या, ‘व्हीसिसकॉल’ या जुन्या सोयीवर विसंबते, आणि डेबियनसारख्या प्रणालीच्या कर्नेलमध्ये ही सोय मुळातच बंद असल्यामुळे आतला शेल, म्हणजे आज्ञा घेणारा प्रोग्रॅमसुद्धा, सुरू होत नाही. बूट करताना ती सोय परत चालू करता येते, पण एका जुन्या मेल सर्व्हरसाठी संपूर्ण यंत्राचे संरक्षण सैल करणे मला पटले नाही. शिवाय आतला ओपनएसएसएल दुरुस्तीविना तसाच राहिला असता.

पत्रे मेलडिर पद्धतीने, प्रत्येक पत्र वेगळ्या फाइलीत, साठवलेली असल्यामुळे ती साध्या फायली आहेत, आणि त्या वाचायला जुन्या लायब्रऱ्यांची गरज नाही. चतुर्थीच्या सुट्टीत कार्यालय बंद असते, तेव्हा त्या नव्या यंत्रावर जातील. पासवर्ड एमडी५ क्रिप्ट पद्धतीचे आहेत, आणि नवा डव्हकॉट ते ओळखतो, म्हणून कोणालाही पासवर्ड बदलायला सांगावे लागणार नाही. उरतो तो हिशेब विभागातला एक जुना प्रोग्रॅम, जो बिले थेट मेलने पाठवतो आणि ज्याचा विक्रेता आता व्यवसायात नाही. त्याला लिबक्रिप्ट या पासवर्ड सांकेतिक करणाऱ्या लायब्ररीची १ क्रमांकाची फाइल लागते, आणि नव्या प्रणालीत २ क्रमांकाची आहे. या एका बाबतीत प्रणालीनेच जुन्या क्रमांकाची फाइल देणारे लिबएक्सक्रिप्ट-कॉम्पॅट हे अधिकृत पॅकेज ठेवले आहे. ते घालून तो प्रोग्रॅम मी चाचणीच्या यंत्रावर चालवून पाहिला, आणि बिले जात आहेत.