राजीनामा लिहून देण्याआधी

एप्रिल उजाडला की पुण्यातल्या बऱ्याच विनाअनुदानित शाळांमध्ये एक ठरलेला कार्यक्रम होतो. निकालपत्रकं लिहून होतात, उत्तरपत्रिकांचे गठ्ठे कपाटात जातात आणि दोन-तीन शिक्षकांना एकेकटं ऑफिसात बोलावणं येतं. "पुढच्या वर्षी तुमची गरज नाही. राजीनामा लिहून द्या, अनुभवाचा दाखला लगेच मिळेल."

माझी सगळी नोकरी शाळेच्या कार्यालयात लिपिक म्हणून झाली. आदेश, मस्टर आणि सेवापुस्तकं यांच्यातच हयात गेली. आमच्या सोसायटीतली एक गणिताची शिक्षिका परवा हाच निरोप घेऊन घरी आली, तेव्हा मी चहाचंही न विचारता आधी विचारलं, "लिहून दिलास का?"

"नाही काका. उद्या देते म्हटलं."

मग ठीक आहे. महाराष्ट्रात खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठी १९७७ चा सेवाशर्तींचा कायदा आहे आणि त्याखालची १९८१ ची नियमावली. 'आम्ही अनुदान घेत नाही, आम्हाला तो लागू नाही' हे संस्थाचालकांचं आवडतं वाक्य, आणि ते साफ खोटं आहे. शाळा मान्यताप्राप्त असेल, तर अनुदान असो वा नसो, कायदा लागू होतो. त्याच कायद्याचं कलम ७ म्हणतं की राजीनामा दोन प्रतींत करायचा, दोन्हींवर सही-तारीख घालायची, एक प्रत रजिस्टर पोस्टाने व्यवस्थापनाकडे पाठवायची आणि दुसरी स्वतःजवळ ठेवायची. समोर बसवून, पेन हातात देऊन कोणी राजीनामा काढून घेऊ नये, एवढ्यासाठीच ही तरतूद. पण पोस्टात जाऊन राजीनामा देणारा शिक्षक मी तरी पाहिलेला नाही.

तिने तिचे नेमणुकीचे आदेश दाखवले. तीन वर्षांचे तीन. जूनच्या मध्यापासून एप्रिलअखेरपर्यंत, 'निव्वळ तात्पुरती नेमणूक, सेवेवर कोणताही हक्क राहणार नाही'. मे महिन्याचा पगार अर्थातच नाही. तिसऱ्या आदेशावर जावक क्रमांकच नव्हता. सही अध्यक्षांची की सचिवांची हे कळत नव्हतं, शिक्का मात्र ठसठशीत. नेमणुकीचा आदेश कसा असावा याचा नमुना नियमावलीलाच जोडलेला आहे. तो बघून टाइप करायला दहा मिनिटं लागत नाहीत. नसतो करायचा, म्हणून करत नाहीत.

कायद्याचं म्हणणं असं आहे की कायम रिकाम्या पदावर रीतसर नेमलेला माणूस दोन वर्षं परिविक्षेवर, म्हणजे काम पारखून बघण्याच्या मुदतीवर असतो, शिक्षण सेवक असेल तर तीन, आणि ती मुदत पार पडली की तो कायम समजला जातो. 'तात्पुरती' हा शब्द छापला म्हणून विषय संपत नाही. पद खरंच रिकामं होतं का, जाहिरात दिली होती का, मुलाखत झाली का, उमेदवार पात्र होता का, हे सगळं शाळा न्यायाधिकरणापुढे, म्हणजे खासगी शाळांतल्या नोकरीचे वाद ऐकणाऱ्या न्यायालयापुढे निघतं. निकाल दोन्ही बाजूंनी लागलेले आहेत, म्हणून जाहिरातीचं कात्रण जपून ठेवलेला शिक्षक मला हुशार वाटतो. तिच्याकडे ते होतं! वडिलांनी पेपरातून कापून फाइलला लावलं होतं.

'शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता नाही, म्हणजे तुमची नेमणूकच नाही' ही दुसरी धमकी. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ती मोडीत काढली. अशी मान्यता ही वैध नेमणुकीची पूर्वअट नाही.

परिविक्षेत असताना काम असमाधानकारक म्हणून काढता येतं, महिन्याची नोटीस किंवा महिन्याचा पगार देऊन. पण मुख्याध्यापकांनी त्या काळातल्या कामाचं मूल्यमापन करून त्याची नोंद ठेवायची असते. ती नसते. मग संस्थेचा वकील तारखेवर तारीख मागत बसतो. कायम शिक्षकाला शिस्तभंगासाठी काढायचं तर चौकशी समिती लागते. तीत एक सदस्य संस्थेचा, एक शिक्षकाने नेमलेला, दुसऱ्या खासगी शाळेतलासुद्धा चालतो, आणि एक राज्य किंवा राष्ट्रीय पुरस्कार मिळालेल्या शिक्षकांच्या यादीतून. घरचीच तीन माणसं बसवून केलेली चौकशी टिकत नाही.

आता मुदतीचं. काढल्याचा आदेश हातात पडल्यापासून तीस दिवसांत न्यायाधिकरणात अपील. उशीर माफ होऊ शकतो, पण कारण पटवावं लागतं. अनेकजण हे दिवस कामगार आयुक्तांच्या कार्यालयात घालवतात. शिक्षक म्हणजे औद्योगिक कायद्यातला 'कामगार' नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्येच सांगून ठेवलंय. तिथून परत पाठवतात, तोवर महिना संपलेला असतो. तोंडी काढलं तर आणखी घोळ, कारण तारीखच सिद्ध होत नाही. अशा वेळी ज्या दिवशी मस्टरवर सही करू देत नाहीत, त्याच दिवशी मुख्याध्यापकांना पत्र द्यावं, प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना, आणि पोच घ्यावी. आवकचा शिक्का मारायला शिपाई कां कूं करतो. मग पोस्टाने पाठवावं.

अपील शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावं असंही कायद्यात आहे. त्यावर मी काही बोलत नाही. मात्र जिंकलं तर नुसतं कामावर परत घेण्यावर भागत नाही. महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या प्रकरणात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मधल्या काळाचा पूर्ण पगार द्यायला लावला आणि चुकीने काढलेल्या माणसाला तो मिळणं हाच सर्वसाधारण नियम असल्याचं म्हटलं.

"पण काका, दुसऱ्या शाळेत कळलं तर कोण घेईल मला?" तिने विचारलं. याचं उत्तर कुठल्याच कलमात नाही. पुण्यात संस्थाचालक एकमेकांना ओळखतात, हे मलाही माहीत आहे. भांडायचं की नाही ते तिने आणि घरच्यांनी ठरवावं. मी एवढंच सांगितलं, की उद्या ऑफिसात कशावरही सही करायची नाही, काय ते लेखी द्या म्हणायचं. आणि रविवारी येताना बँकेचं तीन वर्षांचं स्टेटमेंट घेऊन ये, मे महिन्यांसकट.