पंधरा कप आणि एक बरणी

आज संध्याकाळी लोणच्याची बरणी फुटली. यंदाचं कैरीचं लोणचं, घालून आठ दिवसही झाले नव्हते. दादरा बांधलेला काठ तेवढा शाबूत, बाकी ठिकऱ्या, आणि ओट्यापासून मोरीपर्यंत तेलच तेल. मधोमध चिऊ उभी. मी इतकी ओरडले की शेजारच्या काकू दारात आल्या.

तिचं म्हणणं ऐकलं ते फरशी दोनदा पुसून झाल्यावर. सासूबाईंना तीन दिवस ताप आहे. "तोंडाला चव नाही गं," असं त्या दुपारी म्हणाल्या होत्या. म्हणून ही सहा वर्षांची पोर आजीसाठी लोणच्याची फोड काढायला गेली होती.

आणि परवा? खोबऱ्याच्या वड्या हिनेच संपवल्या आणि नाव धाकट्याचं घेतलं. त्याला अजून धड बोलताही येत नाही. तेव्हा मी हसले. रात्री ह्यांना कौतुकाने सांगितलंसुद्धा.

डी.एड.ला जाँ पियाजे पाठ केला होता. या स्विस मानसशास्त्रज्ञाने मुलांना दोन गोष्टी सांगितल्या. एक मुलगा जेवायला बोलावलं म्हणून दार उघडतो, तर दारामागचे पंधरा कप फुटतात. दुसरा, आई बाहेर गेलेली बघून कपाटातला जॅम चोरायला चढतो, एक कप फुटतो. जास्त वाईट कोण? बरीच लहान मुलं म्हणाली, पंधरा कपवाला. मोठी मुलं हेतू बघत. हे १९३२ सालचं. पुढच्या अभ्यासांत दिसलं, की हेतू नीट उलगडून सांगितला तर तीन-चार वर्षांची मुलंही तो धरतात. मला ते पटतं. पहिलीच्या वर्गात रोज कानावर येतं, "बाई, चुकून नाही, ह्याने मुद्दाम ढकललं!" मुद्दाम आणि चुकून यांतला फरक ती पोरं जिवाच्या आकांताने मांडतात, आणि आपण "बसा खाली" म्हणतो.

आज घरात मीही तेच केलं. फुटलं किती, एवढंच मोजलं.

झोपताना तिला जवळ घेतलं. म्हटलं, "माझं चुकलं बाळा, तू आजीसाठी गेली होतीस." ती बराच वेळ माझ्या बांगड्या फिरवत राहिली. मग विचारलं, "आई, मग वडीचं मी खोटं सांगितलं, तेव्हा तू का हसलीस?"

ती झोपली आहे. सकाळी शाळेआधी तिला उत्तर द्यायचं आहे.